चिवड्याच्या डोक्यावरचा हात

माझं तोंड तसं बंद राहत नाही. भाजीत मीठ जास्त पडलं तरी पुण्याला बहिणीला फोन लावून सांगणारी बाई मी. पण ही एक गोष्ट — सहा वर्षं झाली — माझ्या तोंडून बाहेर पडलेली नाही. नवऱ्याला नाही, बहिणीला नाही. देवापुढेसुद्धा मी ती वगळूनच हात जोडते. आज घरभर खोकी पडली आहेत, परवा सामानाचा ट्रक येणार आहे, आणि मी काचेच्या बरण्या कागदात गुंडाळायच्या सोडून हे लिहायला बसले आहे. सकाळी एक बाई येऊन गेल्या. त्या गेल्यापासून बरण्यांना हात लावावासा वाटत नाही.

आधी आम्ही कोण ते सांगते. आम्ही पुण्याचे. नवरा बँकेत. कोलकात्याची बदली तीन वर्षांची म्हणून आली आणि वाढत वाढत दहा वर्षं चालली. त्याची शाखा खिदिरपूरला, म्हणून घर बेहालात घेतलं. मुलगी, ईरा, आली तेव्हा आठ वर्षांची होती. बंगाली मैत्रिणींत इतकी मिसळली की घरात "आई, मी पाणी खाते" म्हणायला लागली. इथे पाणीही खातातच ना. आम्ही हसायचो, ती चिडायची.

आणि चिवडा. चिवडा आमचा कुत्रा. तो आम्हाला माशीमांनी दिला. माशीमा म्हणजे — आपण वयस्कर बाईला मावशी म्हणतो तसं इथे माशीमा म्हणतात. मराठी कानाला आधी विचित्र वाटतं, मग सवय होते. आमच्या घरापासून चालत सात मिनिटांवर, एका जुन्या दुमजली घरात त्या एकट्या राहतात. निवृत्त शिक्षिका, मूलबाळ नाही. रस्त्यावर टाकून दिलेली पिल्लं उचलून आणायची, गच्चीवर वाढवायची आणि चांगली घरं बघून द्यायची, हेच त्यांचं सगळं आयुष्य. सुट्टीत गावाला जाणाऱ्यांची कुत्री त्या खालच्या व्हरांड्यात ठेवून घ्यायच्या आणि त्या पैशांवर गच्चीवरच्या पिल्लांचं भागायचं. पिल्लांना नावं ठेवायच्या ती माशांची. आमच्या चिवड्याचं मूळ नाव पुंटी, म्हणजे ती बोटाएवढी मासळी. पण तो करडा, पिवळा, मध्येच काळा ठिपका, सगळं एकात मिसळलेलं. ईरा म्हणाली, हा तर चिवडाच. माशीमांना व नीट म्हणता यायचा नाही, त्या चिबडा म्हणायच्या.

माशीमांची एक रीत होती. ती नीट सांगते, कारण सगळं तिथेच आहे.

कुत्रं ठेवायला नेलं की त्या आधी लोखंडी जाळीच्या दाराबाहेरच थांबवायच्या. लसींचं पुस्तक पुढे केलं तरी बघत नसत. म्हणायच्या, त्याच्या डोक्यावर हात ठेव आणि सांग. मग तीन प्रश्न. इंजेक्शनं वेळच्या वेळी झालीत? पोट ठीक आहे? कधी कुणाला चावलाय? तुम्ही हात ठेवायचा, तिन्ही उत्तरं द्यायची, की दार उघडायचं. उभा जन्म वर्गातल्या पोरींचं खोटं पकडलेली बाई — पण एवढ्या बाबतीत समोरच्याच्या शब्दावर जायच्या. वर गच्चीवर लस न झालेली तान्ही पिल्लं असायची, म्हणून हा खटाटोप. मला ते कळत नव्हतं का? चांगलं कळत होतं. त्यांनीच मला दोनदा समजावून सांगितलं होतं.

ईराला त्या वयात कुत्र्यांचे पिक्चर बघायचं वेड होतं. ठरलेला मामला. कुटुंब सुट्टीला जातं, कुत्र्याला कुठेतरी ठेवतं, ठेवून घेणारा माणूस किल्ल्यांचा जुडगा वाजवत फिरणारा, चेहऱ्यावरूनच दुष्ट. कुत्रा पळतो, वणवण करतो आणि शेवटी दारात हजर. ईरा, मी आणि पायाशी चिवडा, तिघंही बघत बसायचो. मी शेवटी रडायचेसुद्धा. ईरा म्हणायची, आई दरवेळी रडते, हिला माहीत असतं तरी रडते. त्या पिक्चरांत वाईट माणूस पहिल्या पाच मिनिटांत ओळखू येतो. मला बघून तुम्ही काय ओळखलं असतंत? हातात डबा घेऊन शेजारी जाणारी, कुत्र्याला स्वेटर विणणारी बाई.

त्या जानेवारीत माझ्या वडिलांचं सहस्रचंद्रदर्शन होतं, पुण्याला, भावाच्या घरी. आता इथे मी म्हणू शकते, म्हातारे वडील, पुन्हा भेट होते न होते. अगदीच खोटं नाही ते. पण वडिलांना भेटून मी दिवाळीतच आले होते. मला जायचं होतं ते मिरवायला. वहिनी आदल्या वर्षी चार माणसांत म्हणाली होती, कोलकात्याच्या मंडळींना आमंत्रण दिलं काय नि नाही दिलं काय, यायचं तर नसतंच. ते मला लागलं होतं. मी मुद्दाम गर्द जांभळी बालुचरी साडी घेऊन ठेवली होती. ती नेसून तिच्या नाकावर टिच्चून उभं राहायचं होतं मला. बाकी काही नाही. एवढंच होतं.

निघायच्या दोन दिवस आधी चिवड्याचं पोट बिघडलं. एकदा, दोनदा, मग सारखंच. ईरानेच वर्तमानपत्र टाकून पुसलं. म्हणाली, आई, थोडं रक्त पण आहे. मी पाहिलं — होतं. त्याच्या लसीच्या पुस्तकात शेवटचा शिक्का दोन वर्षांपूर्वीचा होता. नेऊ नेऊ करत राहून गेलं होतं, ते तरी आळशीपणात घाला. पण त्या दिवशी डॉक्टरकडे नेलं नाही, ते आळसाने नाही. नेलं असतं तर डॉक्टर पहिलंच वाक्य बोलले असते, की याला आता कुठे ठेवू नका. ते वाक्य मला ऐकायचं नव्हतं. हावड्याहून गाडीची तिकिटं होती, साडीला फॉल लावून झाला होता. मी त्याला दहीभात दिला. दुसऱ्या दिवशी जरा कमी झालं. तिसऱ्या दिवशी सकाळी त्याने शेपूट हलवली, आणि मी मनाशी म्हटलं, झालं, बरा झाला.

जाळीच्या दाराशी माशीमा खुशीत होत्या. बौमा, म्हणाल्या — सूनबाई म्हणतात ना आपल्यात, तसं त्या मला बौमा म्हणतात — बौमा, वर पाच नवीन आलेत. खिदिरपूरला गोदामामागे पोत्यात घालून टाकले होते कुणीतरी. रुई, काटला, पाबदा, टेंगरा आणि कोई. डोळे नुकते उघडलेले आणले तेव्हा, आता जिना उतरायला बघतात. पुढच्या सोमवारी त्यांची पहिली लस. हे सगळं त्यांनी मला प्रश्न विचारायच्या आधी सांगितलं, बरं का. म्हणजे मला माहीत नव्हतं असं म्हणायला जागा नाही. एकेकाचं नाव मी ऐकलं होतं.

मग त्या म्हणाल्या, हात ठेव.

मी ठेवला. डोकं जरा गरम लागलं हाताला. ईरा माझ्या शेजारी उभी होती, तिच्या हातात चिवड्याची वाटी. इंजेक्शनं झालीत? हो. पोट ठीक? हो. कुणाला चावलाय? नाही. तीन उत्तरांतलं शेवटचं तेवढं खरं. त्यांनी दार उघडलं, चिवडा ओळखीच्या घरात शिरावं तसा आत गेला. मी वळून पाहिलं नाही, कारण ईरा माझ्याकडे बघत होती.

फोन आला तो बरोबर कार्यक्रमाच्या दिवशी. आत वडिलांना दिव्यांनी ओवाळणं चाललं होतं, मी बाहेर व्हरांड्यात आले. माशीमांचा आवाज बसला होता. सकाळपासून दोन गेली, म्हणाल्या. काटला आणि कोई. बाकीची उभी राहत नाहीत. डॉक्टर म्हणतात पार्वो आहे, कुत्र्यांना होतो तो रक्ताच्या जुलाबांचा रोग, बाहेरून कुणीतरी आणलंय. चिबडालाही इथे आल्यावर जुलाब झाले. मग त्यांनी एक गोष्ट सांगितली. त्यांचा स्वतःचाच नियम होता, की नवीन पिल्लू पंधरा दिवस वेगळं ठेवायचं. तो त्यांनी त्या आठवड्यात मोडला होता. सियालदह स्टेशनाबाहेर एक पिल्लू थंडीने कुडकुडत होतं, म्हणून आणलं आणि वेगळं न ठेवता थेट त्या पाचांच्या उबेत घातलं. आयुष्यात पहिल्यांदाच. त्यांचा हिशेब सरळ होता. चिवडा आधीपासून आजारी असेल तर त्याच्याकडून आलं. नसेल तर त्या पिल्लाकडून — म्हणजे त्यांच्याच हाताने. म्हणून त्यांनी विचारलं, बौमा, तुझ्याकडे असताना याचं पोट ठीक होतं ना?

दुसऱ्यांदा विचारलं त्यांनी. किती जणांना दुसरी संधी मिळते? आणि रागावून नव्हतं विचारलेलं. मी खरं सांगितलं असतं तरी त्या रागावल्या नसत्या. पहिल्यांदा चिवड्याला कोणतं औषध द्यायचं तेच बोलल्या असत्या.

मी म्हटलं, हो माशीमा, अगदी ठीक होतं. मग मी आत गेले. जेवायला बसले. जिलबी दुसऱ्यांदा वाढून घेतली. वहिनी साडीचं कौतुक करून गेली, ते मी कानात साठवून घेतलं.

आता ते सांगते, ज्याच्याभोवती मी इतका वेळ घिरट्या घालते आहे. खोटं बोलले, ते झालंच. दोनदा बोलले. पण मला आतून खातं ते ते नाही. ते त्याच्या पुढचं आहे.

आम्ही परत आलो आणि चिवड्याला आणायला गेलो, मी आणि ईरा. सहाच्या सहा पिल्लं गेली होती. सियालदहचं ते पिल्लूही. त्याला अजून नाव ठेवायचं राहिलं होतं. चिवडा वाळला होता, पण जिवंत होता. त्याला सलाईन लावून माशीमा तीन दिवस त्याच्या उशाशी बसल्या होत्या. त्याला अंघोळ घालून, पुसून, आणून माझ्या पायाशी उभा केला त्यांनी. आणि मग — सत्तरीच्या बाईने, शाळेत मुली जिच्या नजरेला घाबरायच्या त्या बाईने — माझ्यापुढे हात जोडले. म्हणाल्या, नियम मी मोडला. माझ्यामुळे तुझा लेक मरता मरता वाचला. मला माफ कर, बौमा.

मी काय केलं असेल? मी त्यांचे हात धरून खाली घेतले आणि म्हणाले, असू द्या माशीमा, होतं असं. केलं माफ.

मी माफ केलं. त्यांना. मी. आणि आणखी सांगते, म्हणजे काही राहायला नको — ते म्हणताना मला बरं वाटलं होतं. मनाचा मोठेपणा दाखवल्यासारखं वाटलं. डोळ्यांत थोडं पाणीही आलं, पिक्चर बघताना यायचं तसंच.

घरी येताना रस्त्यात ईरा म्हणाली, आई, त्याचं पोट तर आधीच — मी तिला पुढे बोलू दिलं नाही. म्हटलं, मोठ्यांच्या गोष्टीत पडू नकोस, आणि माशीमांना काही बोलायला जाऊ नकोस. बारा वर्षांची होती. गेली नाही. पण त्यानंतर तिने कुत्र्यांचा एकही पिक्चर लावला नाही. मीच एकदा म्हटलं, बघूया का गं? म्हणाली, नको, कंटाळा येतो. आता ती पुण्याला कॉलेजात आहे. फोनवर चिवड्याचं विचारते, तो जेवला का, फिरायला गेला का. माशीमांचं नाव सहा वर्षांत तिने माझ्यापाशी काढलेलं नाही.

माशीमांनी गच्ची फिनेलने धुऊन काढली आणि वरच्या दाराला कुलूप घातलं. खालची मोठी कुत्री काही महिने ठेवत होत्या, मग तेही बंद केलं. लोक फोन करायचे, माशीमा, अमुक ठिकाणी पिल्लं पडलीत. त्या सांगायच्या, दुसऱ्या कुणाला तरी बोलवा. मला वाटायचं, थकल्या असतील, वय झालंय. हो, असंही वाटून घेता येतं.

पुढच्या थंडीत एकदा आमची रिक्षा स्टँडपाशी गाठ पडली. चहाच्या टपरीमागे, चुलीच्या उबेला चार पिल्लं एकावर एक झोपली होती. टपरीवाला त्यांना म्हणत होता, माशीमा, घेऊन जा ना, तुमच्याशिवाय कोण नेणार. त्या पिशवी हातात घेऊन नुसत्या बघत उभ्या होत्या. वाकल्यासुद्धा, एकाच्या कपाळाला हात लावला, आणि चटका बसल्यासारखा मागे घेतला. मग मी दिसले त्यांना. म्हणाल्या, बौमा, तूच सांग याला. माझ्या हाताने पिल्लं मरतात. तुला तर माहीत आहे सगळं.

मला तर माहीत होतं सगळं. एक वाक्य लागलं असतं. बंगालीही माझं तोवर चांगलं झालं होतं, भाषेची अडचण नव्हती. त्या एका वाक्याने त्या पिल्लं पिशवीत घालून घरी गेल्या असत्या, गच्चीचं कुलूप निघालं असतं, सगळं पुन्हा सुरू झालं असतं. टपरीवाला माझ्याकडे बघत होता. मी मान हलवली. हो म्हणून. खरं आहे त्यांचं म्हणून.

चार पिल्लं होती. आठवड्याने मी तिकडून गेले तेव्हा एकच दिसलं. त्यानंतर मी भाजीला दुसऱ्या रस्त्याने जायला लागले.

आता नागपूरची बदली आली. माशीमांना कुणीतरी सांगितलं असणार. आज सकाळी त्या आल्या, मध्ये मध्ये थांबत दोन जिने चढून. आमच्यासाठी स्टीलच्या डब्यात संदेश, ती इथली छेन्याची मिठाई, चिवड्यासाठी बिनमिठाचं उकडलेलं चिकन. खोक्यांमध्ये खुर्ची सरकवून दिली, तिच्यावर बसल्या. चिबडा, अशी हाक मारली, तर तो — आता त्याला ऐकूही कमी येतं — उठून गेला आणि त्यांच्या गुडघ्यावर हनुवटी टेकवून उभा राहिला. बराच वेळ त्या त्याच्या कानामागे खाजवत होत्या. मग मला म्हणाल्या, इकडे ये. याच्या डोक्यावर हात ठेव.

मला वाटलं, कळलं यांना. खरंच सांगते, क्षणभर मला सुटल्यासारखं झालं.

त्या म्हणाल्या, आज एकच प्रश्न. तू चाललीस, पुन्हा कुठे भेट होणार. त्या वेळी तू मला माफ केलंस म्हणालीस, पण तुझा स्वभाव चांगला, तोंडावर म्हणाली असशील. सहा वर्षं मनात आहे माझ्या. आज याच्या डोक्यावर हात ठेवून सांग, मनापासून केलंस का?

त्याच्या डोक्यावरचे केस पांढरे झालेत. हाताला हाड लागतं. त्यांचा हात त्याच्या मानेवर होता, माझा डोक्यावर, बोटाला बोट लागेल एवढं जवळ. ईरा नव्हती, नवरा बँकेत गेलेला. घरात आम्ही तिघंच.

मी म्हटलं, हो माशीमा. मनापासून.

त्यांनी डोळे मिटले. बाचलाम, म्हणाल्या. म्हणजे सुटले. मग उठल्या, माझ्या डोक्यावर हात ठेवून आशीर्वाद दिला, आणि कठड्याला धरून एकेक पायरी खाली उतरल्या. चिवडा दारात उभा राहून बघत होता. मी त्याला आत घेतलं आणि दार लावलं.

त्यांचं घर इथून चालत सात मिनिटांवर आहे. अजून दोन दिवस मी इथेच आहे. संदेशाचा डबा धुऊन, पुसून टेबलावर ठेवलाय, तो परत द्यायला हवा. मघाशी नवऱ्याचा फोन आला, तेव्हा त्याला सांगितलं, उद्या बँकेत जाता जाता तूच देऊन ये.